वाचकांचे प्रश्न : मिसरातून बाहेर पडलेल्यांचा देव

‘मुक्तीचे ईश्वरशास्त्र’ मांडणारे पेरूचे कॅथलिक धर्मगुरू गुस्ताव्हो गुत्येरेझ यांचे २२ ऑक्टोबर २०२४ रोजी वयाच्या ९६व्या वर्षी निधन झाले. त्यांच्या कार्याविषयीचे एक टिपण आम्ही मागे छापले होते. त्यावर आलेली बरीचशी पत्रे ख्रिस्ती धर्माविषयी नव्हतीच; ती ज्यूंविषयी, मुसलमानांविषयी आणि आपल्याकडच्या बौद्धांविषयी होती. त्यांतले पाच प्रश्न येथे घेतले आहेत. लांब पत्रांचा फक्त गाभा ठेवला आहे.

टिपणात ‘मुक्तीचे ईश्वरशास्त्र’ असा शब्द आला आहे. आमच्याकडे मुक्ती म्हणजे जन्ममरणाच्या फेऱ्यातून सुटणे. गुत्येरेझ यांना तेच म्हणायचे होते का? — एक वाचक, नाशिक

गोंधळ शब्दाचा आहे आणि तो तुमचा नसून आमचा आहे. ‘मुक्ती’ म्हटले की मराठी वाचकाच्या मनात मोक्ष उभा राहतो आणि ‘सुटका’ म्हटले की तुरुंग आठवतो. मूळ कल्पना यांतल्या दुसऱ्या शब्दाच्या अधिक जवळची आहे. मराठी बायबलात ज्याला ‘तारण’ म्हटले आहे ते मेल्यानंतरच हाती येणारे काहीतरी असते, ही समजूत गुत्येरेझ यांनी नाकारली. माणसाला पिळणारी व्यवस्था, ‘आपले नशीबच असे’ म्हणत पिढ्यान्‌पिढ्या वाहिलेले मनावरचे ओझे आणि पाप, या तिन्हींतून सुटणे ही त्यांच्या मते एकाच सुटकेची तीन अंगे होती आणि त्यांतले एक बाजूला काढून उरलेली दोन मिळवता येत नाहीत, असा त्यांचा आग्रह होता.

१९६८ साली कोलंबियातील मेडेलिन शहरात लॅटिन अमेरिकेतील बिशपांची परिषद भरली. आपल्या खंडातील दारिद्र्य हे दैवाचे नसून अन्यायाचे फळ आहे, असे तिने बजावले. गुत्येरेझ यांचा मूळ ग्रंथ १९७१चा. ते स्वतः लिमा शहरातील रिमाक या गरीब वस्तीत राहून काम करीत. ईश्वरशास्त्र ही दुसरी पायरी आहे, असे ते म्हणत. पहिली पायरी म्हणजे गरिबाच्या बाजूला जाऊन उभे राहणे. तिथून जे दिसते त्या उजेडात मग धर्मग्रंथ वाचायचा. म्हणजे नवे आहे ते वाचण्याचे ठिकाण, ग्रंथ तोच. मार्क्सवादी कल्पना बेसावधपणे उचलल्याचा ठपका ठेवणारे निवेदन व्हॅटिकनने १९८४ साली काढले, तेव्हा संबंधित विभागाचे प्रमुख कार्डिनल रात्झिंगर, म्हणजे पुढचे पोप बेनेडिक्ट, हे होते. त्याआधीच, २४ मार्च १९८० रोजी, एल साल्वाडोरचे आर्चबिशप ऑस्कर रोमेरो यांना मिस्सा (चर्चमधील मुख्य उपासना) अर्पण करीत असताना गोळी घालण्यात आली होती. २०१८ साली त्याच चर्चने त्यांना संत म्हणून घोषित केले.

अलिबागकडच्या एका बेने इस्राएल कुटुंबाशी आमचा जुना घरोबा होता, म्हणून विचारते. मिसरच्या (इजिप्तच्या) गुलामगिरीतून सुटल्याची कथा मूळची ज्यूंची. मग तिच्यावरून मुक्तीचे शास्त्र ख्रिस्ती लोकांनी का रचावे? ज्यूंमध्ये असे काही नाही का? — एक वाचक, ठाणे

आहे, पण ते शास्त्राच्या रूपात कमी आणि जेवणाच्या मेजावर अधिक आहे. मराठी बायबलात ज्याला वल्हांडण म्हटले आहे, त्या सणाच्या रात्री ज्यू कुटुंब मेजाभोवती बसते. समोर बेखमीर भाकर, कडू भाजी आणि मिठाचे पाणी असते. भाकर घाईने निघाल्याची, भाजी दास्याच्या कडवटपणाची आणि पाणी आसवांचे, असा त्यांचा अर्थ लावला जातो. घरातले सर्वांत धाकटे मूल विचारते, आजची रात्र इतर रात्रींहून वेगळी का? त्याला द्यायचे उत्तर म्हणजे हग्गादा हा ग्रंथ. त्याच्या सुरुवातीचे आमंत्रण हिब्रूत नसून अरामी भाषेत आहे : ही दैन्याची भाकर आहे, जो भुकेला असेल त्याने यावे आणि जेवावे. अरामी ही त्या काळची बोली होती आणि आमंत्रण भुकेल्याला कळले पाहिजे, असा त्याचा एक जुना खुलासा आहे. पुढे मिश्ना या ज्यूंच्या जुन्या नियमसंग्रहातला एक नियम येतो. प्रत्येक पिढीतील प्रत्येकाने आपण स्वतःच मिसरातून बाहेर पडलो असे मानले पाहिजे. पूर्वज सुटले, असे म्हणून भागत नाही.

तुमच्या परिचितांच्या घरी कदाचित मराठी हग्गादा असेल. १८७४ साली पुण्यात हिब्रू आणि मराठी मजकूर एकत्र असलेली हग्गादा छापली गेली. तिच्यात बेखमीर भाकर तयार करणाऱ्या बायकांचे चित्र आहे. त्या बायका युरोपातल्या नाहीत. आपल्याकडच्या वेशात, जमिनीवर बसून त्या काम करीत आहेत. ‘आपण स्वतः’ या शब्दांचा अर्थ त्या चित्रकाराला नेमका कळला होता, असे ते चित्र पाहताना वाटते.

कथेइतकाच कायदाही महत्त्वाचा. शेताचे कोपरे कापायचे नाहीत आणि गळालेली कणसे वेचायची नाहीत, ती गरिबाची व परक्याची, असे बायबलातील लेवीय या ग्रंथात सांगितले आहे. ‘तुम्ही मिसर देशात परके होता’ हे कारण त्या कायद्यात पुन:पुन्हा येते. सातव्या वर्षी जमीन पडीक ठेवायची आणि कर्जे सोडून द्यायची. आता यात गंमत अशी झाली की सातवे वर्ष जवळ आले की धनको हात आखडता घेऊ लागले आणि ज्या गरिबासाठी कायदा केला त्यालाच कर्ज मिळेनासे झाले. कर्जमाफीच्या वादांशी परिचय असलेल्या महाराष्ट्रातील वाचकाला हा पेच समजावून सांगायला नको. तेव्हा हिल्लेल या गुरूने ‘प्रोझबुल’ नावाची तोड काढली : धनकोने आपले येणे न्यायसभेच्या हाती सोपवल्याचा लेख करायचा, म्हणजे ते खासगी कर्ज उरत नाही आणि सातव्या वर्षी बुडतही नाही. धर्मग्रंथाचे अक्षर वाकवून गरिबाची सोय पाहिली म्हणून हिल्लेलची स्तुती झाली आणि धनकोची सोय पाहिली म्हणून टीकाही होऊ शकते. मला मात्र हे उदाहरण लॅटिन अमेरिकेतील कित्येक जाड ग्रंथांपेक्षा बोलके वाटते, कारण न्याय हा येथे घोषणेचा विषय राहत नाही, तो दस्तऐवज कसा लिहावा याचा विषय होतो.

विसाव्या शतकात हा धागा संदेष्ट्यांच्या वाणीतून पुन्हा वर आला. वॉर्सात जन्मलेले आणि आपली आई व बहिणी नाझींच्या हातून गमावलेले रब्बी (ज्यू धर्मगुरू) अब्राहम जोशुआ हेशेल २१ मार्च १९६५ रोजी अमेरिकेत कृष्णवर्णीयांच्या मतदानहक्कासाठी सेल्मा येथून निघालेल्या मोर्च्यात मार्टिन ल्यूथर किंग यांच्याबरोबर चालले. आपले पाय प्रार्थना करीत होते, असे त्यांनी नंतर सांगितले. त्यांचे शिष्य मार्शल मेयर हे रब्बी अर्जेंटिनात गेले आणि १९७६ ते १९८३ या लष्करी राजवटीत तुरुंगांची दारे ठोठावत राहिले. लोकशाही परतल्यावर बेपत्ता माणसांचा शोध घेणाऱ्या राष्ट्रीय आयोगावर त्यांची नेमणूक झाली. किंग यांच्या हत्येनंतर वॉशिंग्टनच्या रस्त्यांवर सैन्य उतरले होते. वल्हांडणासाठी घरी जाणाऱ्या आर्थर वास्को या तरुण ज्यू कार्यकर्त्याला वाटेतली मशीनगन पाहून ही मिसरचा राजा फारो याचीच सेना आहे, असे वाटले. पुढच्या वर्षी, ४ एप्रिल १९६९ रोजी, त्यांनी त्याच शहरातील कृष्णवर्णीयांच्या एका चर्चमध्ये ‘स्वातंत्र्याचे वल्हांडण’ मांडले. सुमारे आठशे माणसे आली. गुत्येरेझ यांचा ग्रंथ तेव्हा निघायचा होता.

‘ज्यू मुक्तिशास्त्र’ असे नाव घेऊन ग्रंथ आला तो १९८७ साली, मार्क एलिस यांचा. गुत्येरेझ यांचे इंग्रजी भाषांतर काढणाऱ्या कॅथलिक प्रकाशनसंस्थेनेच तो काढला, यावरून या विचाराची घरातली आणि घराबाहेरची स्थिती ध्यानात यावी. उशीर होण्याचे मुख्य कारण मला असे दिसते की नाझींनी केलेल्या साठ लाख ज्यूंच्या संहारानंतर ज्यू विचारवंतांपुढे आधी उरण्याचा प्रश्न होता. शिवाय जॉन लेव्हन्सन यांच्यासारख्या ज्यू अभ्यासकांचा एक मूलगामी आक्षेप आहे. हिब्रूत गुलामीला आणि देवाच्या उपासनेला एकच शब्द आहे, ‘अवोदा’. मिसरातून लोकांना बाहेर काढणारा मोशे फारोला ‘माझ्या लोकांना जाऊ दे’ एवढेच सांगत नाही; त्यांनी माझी सेवा करावी म्हणून जाऊ दे, असा देवाचा निरोप तो सांगतो. म्हणजे ही कथा धन्यापासून मोकळे होण्याची नसून धनी बदलण्याची आहे. स्वतःला विठ्ठलाचा दास म्हणवून राजाश्रय नाकारणाऱ्या संतांच्या भाषेत वाढलेल्या मराठी माणसाला यातली खोच चटकन कळेल.

मिसरातून सुटलेले लोक पुढे कनान देशात शिरतात आणि तिथल्या रहिवाशांना हुसकावतात. ही कथा कनानी माणसाने कशी वाचावी? — एक प्राध्यापक, पुणे

हा प्रश्न १९८९ साली रॉबर्ट ॲलन वॉरियर यांनी नेमका याच शब्दांत नसला तरी याच रोखाने विचारला. ते ओसेज या मूळ अमेरिकी जमातीचे. मुक्तीची कथा म्हणून सगळे जी वाचतात तिच्यात मला माझे पूर्वज इस्राएलांमध्ये नव्हे तर कनानी लोकांमध्ये दिसतात, असे त्यांनी लिहिले. त्याच वर्षी जेरुसलेममधील पॅलेस्टिनी अँग्लिकन धर्मगुरू नईम अतीक यांचे पॅलेस्टिनी मुक्तिशास्त्र प्रसिद्ध झाले. १९४८ साली अकरा वर्षांचे असताना त्यांच्या कुटुंबाला बेसान हे गाव सोडावे लागले होते, त्यामुळे कनान जिंकल्याची कथा सांगणाऱ्या यहोशवाच्या ग्रंथाचे वाचन त्यांच्यासाठी अभ्यासाचा विषय नव्हता.

ज्यू परंपरेला हा काटा ठाऊक नव्हता असे समजू नये. असीरियाच्या राजाने सगळ्या जमाती एकमेकींत मिसळून टाकल्या, त्यामुळे ग्रंथातली ती जुनी राष्ट्रे आता ओळखताच येत नाहीत, असे मिश्नाच्या काळातच रब्बींनी ठरवले आणि त्या राष्ट्रांविरुद्धच्या आज्ञांचा व्यवहार थांबवला. तांबड्या समुद्रात मिसरी सैन्य बुडत असताना देवदूत स्तोत्र गायला निघाले, तेव्हा देवाने त्यांना थांबवले, ‘माझ्या हातांनी घडवलेली माणसे बुडत आहेत आणि तुम्ही गाता?’ अशी तालमूद या रब्बींच्या ग्रंथातली कथा आहे. वल्हांडणाच्या रात्री मिसरवर आलेल्या दहा पीडांची नावे घेताना पेल्यातला द्राक्षारस बोटाने थेंब थेंब कमी करतात. शत्रूच्या दुःखामुळे आपला पेला काठोकाठ भरलेला असू नये, असा त्याचा आज बहुतेक ठिकाणी सांगितला जाणारा अर्थ आहे.

एलिस यांचे म्हणणे असे होते की हे सारे वाङ्मय दुबळ्यांनी रचले. राज्य आणि सैन्य हाती आल्यावर ते कसे वाचायचे हा नवा प्रश्न आहे आणि पॅलेस्टिनी माणसाला समोर बसवल्याशिवाय त्याचे उत्तर देता येणार नाही. ग्रंथ निघाला त्याच वर्षी डिसेंबरात पहिला इंतिफादा, म्हणजे पॅलेस्टिनी उठाव, सुरू झाला. त्यांच्यावर ज्यू समाजातून कठोर टीका झाली : संहाराला एक पिढी उलटत नाही तोच स्वसंरक्षणाच्या हक्काला ते सत्तेचा मद म्हणतात, असा तिचा सूर होता. माझ्या मते टीकाकारांची भीती खरी आहे आणि एलिस यांचा प्रश्नही खरा आहे. एकाने दुसरे रद्द होत नाही.

याची एक लहानशी बाजू आपल्या ओळखीची आहे. कोकणातून इस्राएलला गेलेल्या बेने इस्राएलांच्या वंशाविषयी तिथल्या मुख्य रब्बींच्या कार्यालयाने १९६०च्या दशकाच्या आरंभी शंका काढली आणि विवाहनोंदणीपूर्वी त्यांच्या पिढ्या तपासण्याचा दंडक घातला. मराठी बोलणारी ही माणसे जेरुसलेममध्ये धरणे धरून बसली. १९६४ साली संसदेने त्यांच्या बाजूने ठराव केल्यावर तो दंडक बदलावा लागला. मिसरातून सुटल्याची कथा दरवर्षी वाचणाऱ्या समाजाला, ती कथा वाचणाऱ्याच दुसऱ्या एका समाजाने ही आठवण करून दिली होती.

इस्लाम, हिंदू आणि बौद्ध धर्मांत असा विचार आहे का? बाबासाहेबांचा धम्म याच वर्गात घालता येईल का? — एक वाचक, नागपूर

इस्लामपासून सुरुवात करतो, कारण तिथे कथा तीच आहे. मूसा, म्हणजे मोशे, हा कुराणात सर्वाधिक वेळा उल्लेख आलेला पैगंबर आहे. सूरा अल्-कससच्या आरंभी, फिरऔनच्या (फारोच्या) जुलमाच्या वर्णनापाठोपाठ, पृथ्वीवर ज्यांना दुबळे करून ठेवले त्यांनाच नेते आणि वारस करण्याची आमची इच्छा आहे, असे वचन येते. ‘दुबळे करून ठेवलेले’ म्हणजे मुस्तझअफीन. दुबळेपणा अंगचा नसून लादलेला आहे, हे त्या शब्दाच्या घडणीतच आहे. इराणचे अली शरिअती यांनी या शब्दात प्राण फुंकला. १९७७ साली ते वारले. दोनच वर्षांनी क्रांती झाली आणि शाहच्या कुटुंबाची प्रचंड मालमत्ता ज्या सरकारी प्रतिष्ठानाकडे गेली त्याचे नाव ‘मुस्तझअफीन’ असेच ठेवले गेले. शब्दांचे असेही होते.

याच वचनावर मुंबईत असगर अली इंजिनीअर यांनी १९९० साली इस्लाम आणि मुक्तिशास्त्र या विषयावर ग्रंथ लिहिला. ते मुंबई महानगरपालिकेत जवळजवळ वीस वर्षे अभियंता होते आणि दाऊदी बोहरा समाजातील सुधारणा-चळवळीत उतरल्यामुळे त्यांना बहिष्कार आणि मारहाण सोसावी लागली. त्यांच्या लिखाणातली धार धर्मगुरूंच्या सत्तेविरुद्ध आहे, ती उगीच नाही. दक्षिण आफ्रिकेत फरीद एसाक यांनी वर्णभेदाविरुद्ध लढताना आणखी एक पाऊल टाकले. शेजारी तुरुंगात असलेला ख्रिस्ती किंवा नास्तिक माणूस आपला सोबती आणि राजवटीला साथ देणारा मुसलमान मात्र आपला नव्हे, हे कुराणाच्या आधारे कसे सांगायचे, हा त्यांचा प्रश्न होता.

हिंदू परंपरेत त्रिनिदादचे अनंतानंद रामबचन यांचा २०१५चा ग्रंथ पाहावा. अद्वैत खरे मानले तर जातीचा भेद हे अज्ञानच ठरते आणि अज्ञान घालवणे हाच मोक्षाचा मार्ग असेल तर जात पाळून मोक्ष मिळणार नाही, असा त्यांचा बिनतोड युक्तिवाद आहे. १९४७च्या मे महिन्यात पंढरपूरचे मंदिर दलितांना खुले व्हावे म्हणून साने गुरुजींनी उपोषण केले, त्यामागची धारणा यापासून दूर नव्हती. त्यांनी मात्र त्याला कुठल्याही शास्त्राचे नाव दिले नाही.

आता बाबासाहेबांविषयी. ‘ईश्वरशास्त्र’ हा शब्द तेथे लावणे चूक ठरेल, कारण त्यांच्या धम्मात ईश्वराला जागा नाही. पण वाचण्याची रीत पाहिली तर ते गुत्येरेझ यांच्या पंधरा वर्षे पुढे होते. धर्मांतर १४ ऑक्टोबर १९५६चे. ‘बुद्ध आणि त्याचा धम्म’ त्यांच्या निधनानंतर १९५७ साली प्रसिद्ध झाला. त्याच्या प्रस्तावनेत ते सरळ विचारतात की चार आर्यसत्ये बुद्धाच्या मूळ उपदेशात होती की भिक्खूंनी नंतर घातली, कारण जीवनच दुःख असेल तर माणसाला आशेला जागा कुठे राहते? भिक्खू हा परिपूर्ण माणूस घडवण्यासाठी होता की समाजसेवक होण्यासाठी, हाही प्रश्न ते टाळत नाहीत. ज्याला विहिरीवर पाणी भरू दिले नाही त्याच्या जागेवरून ग्रंथ वाचला की ग्रंथाकडे असे प्रश्न जातात. लॅटिन अमेरिकेतून हा विचार आपल्याकडे आला असे म्हणण्यापूर्वी या तारखा पाहाव्यात.

दलित ख्रिस्ती विचारही येथे सांगायला हवा. १९८१ साली बंगळूरच्या युनायटेड थिओलॉजिकल कॉलेजमधील व्याख्यानात अरविंद निर्मल यांनी त्याची पायाभरणी केली. पुढे एका निबंधात त्यांनी बायबलातील ‘अनुवाद’ या ग्रंथातील ‘माझा पूर्वज भटका अरामी होता’ हे वचन घेतले. हेच वचन हग्गादेचाही कणा आहे. माझ्या दलित पूर्वजाला भटकण्याचेही स्वातंत्र्य नव्हते, तो गावाबाहेर टाकलेला होता, असे निर्मल म्हणतात. लिमा, वॉशिंग्टन आणि जेरुसलेम येथे वाचले गेलेले एकच वाक्य गावकुसाबाहेर वाचल्यावर असे ऐकू येते.

देव जर गरिबांच्या बाजूचा आहे, तर गरीब अजून गरीबच कसे? उद्धटपणाबद्दल क्षमा असावी. — एक वाचक, वसई

क्षमा मागण्याचे कारण नाही. विल्यम जोन्स या कृष्णवर्णीय अमेरिकी तत्त्वज्ञांनी १९७३ साली हाच प्रश्न आपल्याच समाजातील मुक्तिवाद्यांना केला होता : देव आमच्या बाजूने आहे हे दाखवणारी घटना कोणती? तिचे उत्तर त्यांना मिळाले असे मला वाटत नाही. गुत्येरेझ यांनी १९८६ साली बायबलातील ईयोब या निरपराध दुःखी माणसाच्या ग्रंथावर लिहिले. त्या ग्रंथाच्या शेवटी देवाचा राग होतो तो जाब विचारणाऱ्या ईयोबावर नव्हे, देवाची वकिली करणाऱ्या त्याच्या मित्रांवर.

संहारानंतर रब्बी आयर्व्हिंग ग्रीनबर्ग यांनी एक कसोटी सांगितली होती : जिवंत जाळल्या जाणाऱ्या मुलांसमोर जे बोलता येणार नाही असे देवाविषयीचे कोणतेही विधान करू नये. ज्यू विचारवंत आउश्विट्झ या नाझी मृत्युछावणीनंतर देवाविषयी कसे बोलावे असे विचारत होते. गुत्येरेझ यांनी तो प्रश्न आपल्या देशाच्या काळात बसवला. पेरूमध्ये १९८० ते २००० या यादवीत सुमारे ६९,००० माणसे मारली गेली वा बेपत्ता झाली, असा तिथल्या सत्यशोधन आयोगाचा अंदाज आहे. त्यांतले सुमारे तीन-चतुर्थांश क्वेचुआ किंवा इतर मूळ भाषा बोलणारे होते आणि सर्वाधिक बळी अयाकुचो प्रांतातले. आमचा प्रश्न ‘नंतर’चा नाही, अयाकुचो चालू असताना देवाविषयी कसे बोलावे हा आहे, असे त्यांनी १९८६ साली लिहिले, तेव्हा ती यादवी संपायला चौदा वर्षे बाकी होती. क्वेचुआ भाषेत अयाकुचो या नावाचा अर्थ ‘मृतांचा कोपरा’ असा होतो.